लेकीच्या फाईलवरचा दुसरा आकडा

बाई, तुम्ही दवाखान्यात नर्स होत्या का, असं लोक मला अजून विचारतात. नर्स नव्हती मी. नागपूरच्या एका मोठ्या सरकारी दवाखान्यात रेकॉर्ड रूममध्ये होती. रोगी घरी गेला, किंवा घरी न जाताच गेला, की त्याची फाईल आमच्याकडे यायची. आम्ही ती उघडायची, डॉक्टरांनी शेवटी काय आजार लिहिला ते पाहायचं, आणि एका जाड इंग्रजी पुस्तकात त्या आजारापुढे जो आकडा दिला असेल तो लाल शाईने फाईलच्या कोपऱ्यात मांडायचा. वर्षाच्या शेवटी कोणत्या आकड्याचे किती रोगी झाले त्याचा तक्ता वर सरकारात जायचा. बस, एवढंच काम.

आमचे हे त्याच दवाखान्यात कामाला होते. ते गेल्यावर त्यांच्या जागी मला घेतलं. पदरात एकच मुलगी. माझं शिक्षण चौथीपर्यंतचं, इंग्रजीचा गंध नाही. पण आमचे मोठे बाबू भले माणूस होते. म्हणायचे, "शब्द वाचता नाही आला तरी चालते बाई, त्याचं तोंड ओळखायचं. लग्नात नाही का, नाव आठवलं नाही तरी हा माणूस कोणाकडचा ते तुम्ही सांगता." तशी मी शब्दांची तोंडं ओळखत ओळखत ते काम शिकली.

त्या पुस्तकात अपघातांचं एक वेगळं प्रकरण होतं. बैलगाडीतून पडला, विहिरीत पडला, साप चावला, स्टोव्हचा भडका झाला, सगळ्याला आकडे. आणि त्याच प्रकरणात, त्याच लोकांच्या शेजारी, ऑपरेशन करताना डॉक्टरच्या हातून चुकून झालेली इजा. मला नवल वाटलं. मोठे बाबू म्हणाले, "सुरी ती सुरी, बाई. भाजी चिरताना लागो की पोट चिरताना."

अशा फाईलवर दोन आकडे पडायचे. पहिला, इजा कशाला झाली त्याचा. दुसरा, ती कशी झाली त्याचा. हा दुसरा आकडा जपून लिहावा लागे. गाठ चिकटलेली होती, कापल्याशिवाय गत्यंतरच नव्हतं, असं डॉक्टरांनी लिहिलं असेल तर तो अपघात नव्हे, दुसरा आकडा नाही. चुकून झालं असेल तरच. आणि ते त्यांनी स्वतः म्हटलं पाहिजे. आपण आपल्या मनाने ठरवायचं नाही.

मुलीचं लग्न मी उमरेडकडच्या एका गावात करून दिलं होतं. शेतीवाडीचं घर, माणसं कष्टाळू. जावई इतका गरीब स्वभावाचा की बोलताना चपलेकडे पाहायचा. लग्नाला दोन वर्षं होतात न होतात तोच मुलीच्या गळ्यावर गाठ आली. विहीणबाई म्हणाल्या, "पोट्टीचा गळा कबुतरावानी झाला. घास उतरत नाही. तुमच्या दवाखान्यात दाखवा बा." दाखवलं. गलगंड निघाला, दोन्ही बाजूंनी वाढलेला. ऑपरेशन झालं.

संध्याकाळी सर्जनसाहेबांनी मला वॉर्डच्या बाहेर बोलावलं. मला ते ओळखत होते, फाईल मागायला स्वतः यायचे. त्यांनी जे सांगितलं ते असं, की त्या मोठ्या ग्रंथीच्या पाठीमागे मसुराच्या दाण्याएवढ्या आणखी बारीक ग्रंथी असतात, रक्तातलं कॅल्शियम त्यांच्या हातात असतं, आणि त्या गाठीबरोबर निघून गेल्या. आता हिला कॅल्शियमच्या गोळ्या जन्मभर घ्याव्या लागतील. एकही दिवस चुकवून चालायचं नाही. हेच त्यांनी जावयालाही सांगितलं. जावई मान हलवत राहिला. त्याला एवढंच समजलं की ताकदीच्या गोळ्या दिल्या आहेत.

मुलगी सासरी गेली आणि तिची फाईल माझ्या टेबलावर आली. मोठे बाबू म्हणाले, "द्या इकडे, मी करतो." मी दिली नाही. पहिला आकडा लिहिला. दुसऱ्यापाशी हात अडला. ऑपरेशनच्या कागदावर ग्रंथी निघाल्याचं लिहिलं होतं, पण चुकून की नाइलाजाने, ते नव्हतं. नियमाप्रमाणे विचारायला पाहिजे. मी फाईल छातीशी धरून साहेबांच्या खोलीत गेली.

"साहेब, एक आकडा राहिला आहे."

त्यांनी फाईलवरचं नाव पाहिलं. मग पेन काढून त्या ओळीत एक शब्द वाढवला आणि खाली सही केली. "चुकून," म्हणाले. "लिहा तुम्ही."

मी त्यांच्यावर रागवायचं ठरवून गेली होती. ते जमलं नाही. परत येऊन लाल शाईने दुसरा आकडा मांडला. त्या वर्षीच्या तक्त्यात त्या आकड्यापुढे एकच रेघ होती. ती रेघ म्हणजे माझी लेक.

नवरात्र लागायच्या सुमारास जावई दवाखान्यात आला. चपलेकडे पाहत म्हणाला, "मामी, हिच्या अंगात देवी येऊन राहिली. आईनं सांगतलं, तुम्ही दर्शनाले या."

"अंगात येते म्हणजे काय होते?"

"हात असा होते." आणि त्याने आपला हात करून दाखवला. बांगड्या भरताना कासार हात दाबून निमुळता करतो ना, अंगठा आत, बोटं जुळलेली, तसा. "उघडता येत नाही तिले. तोंडाच्या शिरा उडते. आवाज बारीक होऊन जाते."

रक्तातलं कॅल्शियम उतरलं की हात असा आवळतो. त्या हाताचा आकडा मी कितीक फाईलींवर लिहिला असेन. हात मात्र तेव्हाच पाहिला, जावयाच्या मनगटावर. मी विचारलं, "गोळ्या देता ना?"

तो म्हणाला, "गोळ्या तर आईनं नाल्यात टाकून दिल्या."

मी साहेबांकडे गेली नाही, रजेचा अर्ज दिला नाही, तशीच जावयाबरोबर एस.टी.त बसली.

लेकीच्या घरी गेली तर अंगणात बायकांच्या चपलाच चपला. आत घटासमोर पाटावर माझी पोर बसवलेली. केस मोकळे, कपाळभर कुंकू, दोन्ही हात मांडीवर ठेवलेले, तसेच, कासाराच्या हातात दिल्यासारखे. गळ्यावरची टाक्यांची रेघ अजून लाल. बायका येत होत्या आणि तिच्या पायांवर तांब्याने दूध घालत होत्या. दूध ताटात जमत होतं. आणि तिला नऊ दिवसांचा निरंकार उपास धरायला लावला होता, पाण्याशिवाय तोंडात काही नाही. ज्या दुधाने तिचे हात सुटले असते ते तिच्या पायावरून वाहून चाललं होतं आणि मी दारात उभी राहून ते पाहत होती.

मला पाहून ती म्हणाली, "माय, हातापायाले मुंग्या येऊन राहिल्या. मले घेऊन चाल." आवाज कसा, तर फाटक्या कागदासारखा.

विहीणबाईंना मी बाजूला घेतलं. त्या काही दुष्ट बाई नव्हत्या, हे मी आधीच सांगून ठेवते. सुनेच्या पायाचं पाणी रोज स्वतः डोळ्याला लावत होत्या. मी म्हटलं, "इहीनबाई, ही देवी नाही. हे ऑपरेशनमुळे आहे. गळ्यातल्या बारीक ग्रंथी चुकून निघाल्या, म्हणून हात असे होतात. डॉक्टरांनी स्वतः लिहिलं आहे."

"चुकून काहून म्हणता, इहीनबाई," त्या शांतपणे म्हणाल्या. "गळा मोकळा झाला म्हणून देवी आत आली. तुमच्या डाक्टरच्या हातून तिनंच ते करून घेतलं."

"निदान गोळ्या तरी द्या."

"हाडाच्या? गावातल्या कंपाउंडरनं सांगतलं मले, हाडाची भुकटी रायते त्याच्यात. देवीच्या तोंडात हाड घालू?"

"मग मी हिला नागपूरला नेते."

"घट बसले. आता दसऱ्यापर्यंत देवीचा पाय शिवेबाहेर जात नाही. गाव काय म्हणन?"

मी जावयाकडे पाहिलं. "आई म्हणते तसं," तो म्हणाला.

लेकीला मूल होईपर्यंत तिच्या घरचं पाणी पीत नाहीत, आमच्याकडे तशी रीत. म्हणून मी ओट्यावर कोरडीच बसून राहिली. आत लेक उपाशी, बाहेर मी. संध्याकाळची शेवटची गाडी होती, मुक्कामही करता येत नव्हता. निघताना तिच्या डोक्यावरून हात फिरवला तर शेजारची बाई म्हणाली, "पाया पडा वं, देवी आहे." मी माझ्या पोरीच्या पाया पडली.

दुसऱ्या दिवशी साहेबांना सांगितलं तर त्यांचा चेहरा उतरला. म्हणाले, घशाचे स्नायू असेच आवळले तर श्वास बंद होईल, आजच्या आज आणा. मी म्हटलं, आणू देत नाहीत. ते म्हणाले, पोलीस पाठवू का? मला डोळ्यांसमोर दिसलं, घटासमोर बूट घालून शिपाई. त्याच घरात माझ्या मुलीला पुढे जन्म काढायचा होता. नको म्हटलं. मग त्यांनी गोळ्यांचं मोठं पाकीट दिलं. "कसंही करा, पण हे तिच्या पोटात जाऊ द्या. कुटून, कालवून, कसंही."

घरी येऊन मी ते पाकीट पुढ्यात ठेवून बसली. भाकरीत घालावं तर ती खात नाही. दुधात घालावं तर ते पायावर जातं. पोरीच्या मुठीत ठेवावं तर मूठ तिची राहिली नाही. हा माझा सगळा विचार, आणि तो पुन्हा पुन्हा तिथेच येऊन थांबायचा. साहेबांचं 'कुटून' मात्र कानात राहिलं होतं. ताकाला फोडणी द्यायला जिरं कुटायला घेतलं, तेव्हा खलबत्त्याकडे पाहून सुचलं. माहूरची देवी तांबूल खाते. विड्याची पानं कुटून केलेला तो प्रसाद आमच्याकडे घरोघरी माहीत. उपासालाही चालतो, कारण तो देवीचाच.

मी पानं आणली, चुना, कात, बडीशेप घातली, आणि त्यात गोळ्या घातल्या. कुटता कुटता पांढरी भुकटी हिरव्यात दिसेनाशी झाली. स्टीलच्या डब्यात गच्च भरलं आणि सकाळची पहिली गाडी धरली.

विहीणबाईंना फार आनंद झाला. "इहीनबाईनं देवीले तांबूल आणला," म्हणत त्यांनी डबा घटाला दाखवला, मुलीच्या ओठाला बोटभर लावला, आणि मग ओळीने बसलेल्या सगळ्या बायकांच्या हातावर चिमूट चिमूट वाटून टाकला. मी पाहत राहिली. प्रसाद तो, वाटायचाच. माझ्या लेकीचा श्वास त्या गावातल्या बायका चघळत होत्या.

एक म्हातारी तोंड वाकडं करून म्हणाली, "खडूवानी लागते वं."

विहीणबाईंनीही जिभेवर घोळवला. माझ्याकडे पाहिलं. "चुना जास्त झाला असन," मी म्हटलं.

"आमच्या गाईले चारा हा," तीच म्हातारी म्हणाली, "हाडं मजबूत होईन." बायका हसल्या. मीही हसली. हसायचं म्हणून हसली.

त्या संध्याकाळी परत येताना खिडकीला डोकं टेकून मी देवीशीच भांडली. तुला यायचंच होतं तर मोठ्या घरी कुठे का नाही गेलीस, इथे माझ्या एकुलतीच्या गळ्यातून काहून आलीस. पण भांडायचं तरी किती. पुन्हा पानं घेतली, पुन्हा कुटायला बसली. दुसरा रस्ता नव्हताच.

या वेळी मी खणा-नारळाची ओटीही घेऊन गेली. ओटी भरताना आपण वाकतोच. तांदूळ तिच्या पदरात सोडताना तोंड तिच्या कानाशी गेलं तेव्हा म्हटलं, "तांबूलात गोळ्या आहेत. कोणाला देऊ नको, सगळा तूच खा." तिने पापणी हलवली की ती शीर उडाली, मला कळलं नाही. तिचे ओठ आज निळसर दिसत होते आणि श्वास घेताना बारीक शिट्टीसारखा आवाज येत होता.

विहीणबाईंनी डबा घटाला दाखवला, बोटभर तिच्या ओठाला लावला आणि त्या बायकांकडे वळल्या.

"ठेव खाली."

सासूला तिने जन्मात कधी अरेतुरे केलं नव्हतं. विहीणबाई डबा धरून तशाच उभ्या.

"हा विडा माहा आहे," माझी पोर त्या फाटक्या आवाजात म्हणाली. "याच्यातला कोणाले एक कन देऊ नको. तूच चार मले. रोज."

विहीणबाईंनी हात जोडले. मग खाली बसल्या, डबा मांडीवर घेतला आणि सुनेच्या तोंडात घास घालू लागल्या, लहान लेकराला घालतात तसा, मधून मधून पाण्याचा घोट. तिच्या हनुवटीवरून हिरवी लाळ ओघळली ती त्यांनी आपल्या पदराने पुसली. ज्या बाईने गोळ्या नाल्यात टाकल्या तिच्याच हाताने त्या पोटात चालल्या होत्या आणि मी भिंतीला टेकून एकेक घास मोजत नव्हती, पण गिळला जातो की नाही ते पाहत होती.

मी रोज डबा नेला. दसऱ्याच्या आदल्या दिवशी तिची बोटं थोडी सुटली. अंगठा बाहेर आला. "देवी शांत झाली," विहीणबाई म्हणाल्या, जरा उदासच. शिलंगण झाल्यावर मी माहेरपणाच्या नावाखाली तिला नागपूरला आणली आणि एस.टी. स्टँडवरून रिक्षा सरळ दवाखान्यात नेली. शिरेतून इंजेक्शनं दिली. साहेब स्वतः सुई धरून हळूहळू देत बसले होते.

पुन्हा फाईल आमच्याकडे आली. तरण्या डॉक्टराने लिहिलं होतं, रुग्णाने औषध घेतले नाही. मी मोठ्या बाबूंना म्हटलं, "हिने घेतलं नाही असं कसं? हिला घेऊ दिलं नाही."

"त्याचा आकडा नाही, बाई," ते म्हणाले. "मी शोधला." आणि चष्मा पुसत बसले.

मुलगी सासरी गेली, जायचीच होती. साहेबांनी जावयाला पुन्हा समजावलं, त्याने पुन्हा मान हलवली. पण घरात राज्य विहीणबाईंचं. तेव्हा मी तांबूल चालू ठेवला. देवीने रोज मागितला आहे, त्यामुळे नवरात्र संपलं तरी कोणी नाही म्हणालं नाही. डबा मी एस.टी.च्या कंडक्टरजवळ द्यायची, तो गावच्या फाट्यावर उतरवायचा, रिकामा परत आणायचा. रिकामा म्हणजे तसा रिकामा नाही, दुसऱ्याचं भांडं कोणी रिकामं परत करत नाही. कधी मूठभर तुरी, कधी एखादं संत्रं. पण मी आत काय आहे ते पाहायची नाही. झाकण पाहायची. त्या डब्याचं झाकण फार घट्ट होतं, दोन्ही तळव्यांनी दाबावं लागे. झाकण लेकच बसवायची, हे आमचं मायलेकींचं ठरलेलं. घट्ट बसलेलं दिसलं की तिचे हात उघडे आहेत. मग मी घरी जाऊन जेवायची.

पुढच्या पावसाळ्यात नाल्याला पूर आला आणि फाट्यापर्यंतच्या गाड्या बंद झाल्या. मी दुसरा भरलेला डबा घेऊन स्टँडवर जायची आणि डबा घेऊन परत यायची. गाडी सुरू झाली त्या दिवशी कंडक्टरने आधीचा डबा हातात दिला. झाकण नुसतं ठेवलेलं होतं आणि वरून चिंधीने बांधलेलं.

मी त्याच गाडीत चढली. पिशवीत गोळ्या असायच्याच. फाट्यापासून चिखलातून चालत गेली. दारातून दिसलं, पोर भिंतीला टेकून बसलेली, हात तसेच, श्वासाला तीच शिट्टी. जावई तिच्या मागे तिला धरून. विहीणबाई खलबत्ता घेऊन बसलेल्या, पुढ्यात पानं, चुन्याची डबी उघडी, पदर हिरवा झालेला.

मला पाहून त्या उठल्या नाहीत. कुटत कुटतच म्हणाल्या, "तुमच्यावानी होत नाही मह्याच्यानं, इहीनबाई. देवी थूकून देते. चुन्यानं तोंड भाजलं तिचं. तुम्ही काय टाकता याच्यात?"

जावई माझ्याकडे पाहत होता. या वेळी चपलेकडे नाही.

मी म्हटलं, "गोळ्या. तुम्ही नाल्यात टाकल्या त्याच."

बत्ता थांबला. त्यांनी सुनेकडे पाहिलं, तिच्या हातांकडे, मग घटाच्या रिकाम्या कोनाड्याकडे. मला वाटलं, आता ही बाई मला घराबाहेर काढणार. शिट्टी तेवढी ऐकू येत होती.

त्यांनी खल उपडा करून पानं खाली काढली, पदराने आतून पुसला आणि माझ्यासमोर हात पसरला.

"द्या."

मी पाकीट फोडून गोळ्या त्यांच्या हातावर ठेवल्या. त्यांनी त्या खलात टाकल्या आणि पान न घालताच कुटू लागल्या.